मॉड्स्लीचे वर्कशॉप आणि सात वर्षांची उमेदवारी

एका लहानशा वर्कशॉपमध्ये मी उमेदवार म्हणून लागलो, तेव्हा मिस्त्रींनी माझ्या हातात एक बारा इंची कानस आणि लोखंडाचा एक ओबडधोबड ठोकळा दिला आणि ‘हा सपाट कर’ एवढेच सांगितले. मला वाटले, तासाभराचे काम. तिसऱ्या दिवशीही ठोकळा सपाट झाला नव्हता. उलट मधोमध फुगून त्याला माशाच्या पोटासारखी गोलाई आली होती. मिस्त्री येत, ठोकळ्यावर गुण्या ठेवून उजेडाकडे धरीत, पात्याखालून जी उजेडाची रेघ दिसे ती मला दाखवीत आणि काही न बोलता निघून जात. कानस पुढे लोटताना आरंभी डाव्या हाताचा दाब अधिक हवा आणि शेवटी उजव्या हाताचा, मधल्या मध्ये तो दाब एका हातातून दुसऱ्या हातात हळूच सरकला पाहिजे, हे त्यांनी मला तोंडाने कधीच सांगितले नाही. एके दिवशी ते माझ्या मागे उभे राहिले, माझ्या दोन्ही मुठींवर त्यांनी आपल्या मुठी ठेवल्या आणि दहाबारा वेळा कानस चालवली. पुढे रात्रीच्या दिव्याखाली मी यंत्रशास्त्राची पुस्तके पुष्कळ वाचली. पण त्या दहाबारा हातांत जे मिळाले ते त्यांपैकी एकाही पानावर सापडले नाही.

आपल्या व्याख्यानमालांतून लढाया, तह, राजे आणि साधुसंत यांच्याविषयी पुष्कळ ऐकायला मिळते, आणि ते मिळावेच. परंतु कानशीलाही इतिहास आहे. ज्या यंत्रावर आज भोसरीला, इचलकरंजीला किंवा कोल्हापूरच्या उद्यमनगरात हजारो पोरे पोट भरतात, त्या लेथला आजचे रूप ज्यांनी दिले त्यांतला एक मोठा वाटा लंडनमधल्या एका वर्कशॉपचा आहे. त्या वर्कशॉपचा मालक हेन्री मॉड्स्ली. त्याने काय बनवले याची माहिती इंजिनिअरिंगच्या पुस्तकांत मिळते. मला आज सांगायचे आहे ते त्याच्याकडे कोण शिकले, कसे शिकले आणि कोणाला शिकू द्यायचे यावरून पुढे किती भांडणे झाली, ते. हे भांडण आपल्या दारातही आलेले आहे. पण त्याकडे शेवटी येऊ.

मॉड्स्लीचा जन्म १७७१ सालचा, वुलिचचा. वुलिचला इंग्रज सरकारचा तोफखाना आणि दारूगोळ्याचे कोठार होते. बाप लष्करातला जखमी होऊन कोठारात कामाला लागलेला; घरात मुले सात. बाराव्या वर्षी हेन्री काडतुसांत दारू भरायला लागला. दोन वर्षांनी त्याला सुतारखान्यात घातले. पण त्याचे लक्ष सगळे शेजारच्या लोहारखान्यात. शेवटी वरिष्ठांनी पंधराव्या वर्षी त्याला ऐरणीवर पाठवले. शाळा म्हणाल तर हीच. भाता, ऐरण, छिन्नी आणि कानस यांवर त्याचा हात असा बसला की, अठरा वर्षांचा होईपर्यंत त्याचे नाव लंडनपर्यंत पोहोचले.

लंडनमध्ये त्या वेळी जोसेफ ब्रामा नावाचा कारखानदार एका नव्या तऱ्हेच्या कुलपाने गाजत होता. कुलपाचे पेटंट १७८४ चे. कुलूप उत्तम, पण त्याचे भाग इतके बारीक आणि नेमके लागत की ते बनवणारे हात मिळेनात. मॉड्स्लीची कीर्ती ऐकून ब्रामाने त्याला बोलावले. आणि इथेच पहिली अडचण उभी राहिली.

ती समजायला थोडे मागे जावे लागते. १५६३ साली इंग्लंडात एक कायदा झाला होता. सात वर्षे उमेदवारी केल्याशिवाय कोणालाही ठरावीक धंद्यात कारागीर म्हणून काम करता येणार नाही, अशी त्यात तरतूद होती. उमेदवारीचा करार लेखी होई. मुलगा मालकाच्या घरी राही, मालकाचे अन्न खाई, पगार मागू शकत नसे, लग्न करू शकत नसे. त्या बदल्यात मालकाने त्याला धंद्याची सर्व कला शिकवायची. सात वर्षे भरली की तो पूर्ण कारागीर, आणि मग कारागिरांच्या मंडळात त्याला मान. मॉड्स्लीने सरकारी कारखान्यात सहा वर्षे काढली होती, पण असा करार त्याच्याजवळ नव्हता. सॅम्युअल स्माइल्सने १८६३ च्या आपल्या पुस्तकात हकीकत दिली आहे ती अशी की, ज्याची रीतसर वर्षे भरलेली नाहीत त्याला कारागिरांत कसे घ्यायचे, असा प्रश्न निघाला. तेव्हा त्या पोराने कोपऱ्यातल्या एका झिजून गेलेल्या व्हाइसकडे बोट दाखवले आणि सांगितले की, सहाच्या आत मी हा नव्यासारखा करून दिला तर मला घ्याल का? त्याने व्हाइसच्या जबड्यांना नवे पोलाद बसवले, दाते कापले, पोलादाला पाणी दिले आणि सहा वाजायच्या आत काम पुढे ठेवले. त्याला घेतले.

ही गोष्ट सांगणारे बहुतेक लोक मॉड्स्लीचे कौतुक करून पुढे जातात. मी युनियनचे काम करणारा माणूस. माझी नजर त्या कारागिरांकडे जाते. त्यांचे चुकले असे मला सरळ म्हणवत नाही. सात वर्षांचा नियम हा त्यांच्या मजुरीचा बांध होता. बांध फुटला की अर्धवट शिकलेली पोरे अर्ध्या मजुरीवर आत येणार आणि आपली चूल विझणार, हे त्यांना पक्के ठाऊक होते. पण त्याच बांधापलीकडे मॉड्स्ली उभा होता, हेही खरे. चांगली गोष्ट इतकीच की त्यांनी कागद बाजूला ठेवून काम पाहिले. असे दर वेळी घडत नाही.

ब्रामाकडे त्याने आठ वर्षे काढली आणि लवकरच तो कारखान्याचा मुख्य झाला. ब्रामाने आपल्या दुकानाच्या खिडकीत एक कुलूप ठेवून, जो हे उघडील त्याला दोनशे गिनी बक्षीस, अशी पाटी लावली होती. ते कुलूप मॉड्स्लीच्या हातचे. साठ वर्षे कोणाला ते उघडले नाही. १८५१ च्या लंडन प्रदर्शनाच्या वेळी हॉब्स नावाच्या अमेरिकन माणसाने पन्नासाहून अधिक तास खर्चून ते उघडले. असा कारागीर. त्याला आठवड्याला तीस शिलिंग मिळत. लग्न झाले होते, मुले झाली होती, म्हणून १७९७ साली त्याने पगारवाढ मागितली. ब्रामाने साफ नाही म्हटले. मॉड्स्लीने नोकरी सोडली आणि ऑक्सफर्ड स्ट्रीटजवळच्या वेल्स स्ट्रीटवर एक लहान वर्कशॉप आणि भट्टी भाड्याने घेतली. पहिले काम मिळाले ते एका चित्रकाराच्या चित्रफळ्याची लोखंडी चौकट करण्याचे. दोन-चार शिलिंग वाचवण्यासाठी मालकाने केवढा माणूस गमावला याचा हिशेब ब्रामाने कधी मांडला असेल की नाही, कोण जाणे! आमच्या वाटाघाटींत ही गोष्ट मी अनेकदा सांगितली आहे. मालकांवर तिचा परिणाम झाल्याचे मात्र आठवत नाही.

आता लेथकडे वळू. त्या काळी लेथवर काम करणारा माणूस हत्यार हातात धरी. फिरणाऱ्या लोखंडी दांड्यासमोर टेकू असे, त्यावर लांब दांड्याचे हत्यार टेकवायचे, खांद्याचा आणि छातीचा जोर लावायचा आणि डोळ्याच्या अंदाजाने धार पुढे न्यायची. लाकूड कापणे निराळे आणि लोखंड कापणे निराळे. लोखंडात कठीण गाठ आली की हत्यार उसळे, आणि दांड्यावर तेवढ्या जागी खळगा पडे. दोन हात लांबीचा दांडा टोकापासून टोकापर्यंत एका जाडीचा करणे ही फार थोड्यांना साधणारी गोष्ट होती. आट्यांची तर आणखी पंचाईत. स्क्रू छिन्नीने आणि कानशीने काढायचे. त्यामुळे प्रत्येक बोल्टला त्याचाच नट. दोहोंवर खूण करून ठेवावी लागे; जोड्या मिसळल्या की अर्धा दिवस गेला म्हणून समजावे.

मॉड्स्लीने हत्यार माणसाच्या हातातून काढून लोखंडी घोडीवर घट्ट बसवले. ही घोडी सरळ सपाट मार्गावर मागे-पुढे आणि आडवी सरके. हाच स्लाइड-रेस्ट. तो सर्वस्वी त्याच्याच डोक्यातून निघाला असे मात्र नाही. फ्रान्समध्ये व्होकांसोंने अठराव्या शतकाच्या मध्याला लोखंडी लेथवर सरकते हत्यार बसवले होते, आणि इतरांचेही प्रयत्न चालू होते. मॉड्स्लीची करामत अशी की, त्याने सबंध लेथ धातूचा केला. घोडी सरकवण्यासाठी लांब लीड-स्क्रू लावला. आणि तो स्क्रू व फिरणारा जॉब यांच्यामध्ये बदलता येणारी दातेरी चाके घातली. चाके बदलली की आट्यांमधले अंतर बदलते. एकाच स्क्रूवरून हवे तसले स्क्रू कापता येऊ लागले. १७९७ ते १८०० च्या सुमारास त्याने केलेले असे लेथ लंडनच्या सायन्स म्युझियममध्ये ठेवलेले आहेत.

एक शंका आपल्या मनात आली असेल. चांगला स्क्रू कापायला चांगला लीड-स्क्रू हवा, मग पहिला चांगला स्क्रू आला कुठून? इथेच खरी मौज आहे. मॉड्स्लीने एक चंद्रकोरीसारखे पाते एका गाड्यावर ठरावीक तिरक्या कोनात बसवले आणि ते फिरत्या नळकांड्यावर टेकवले. पाते तिरके असल्यामुळे नळकांडे फिरता फिरता ते आपोआप पुढे सरके आणि मागे आट्याची रेघ उमटे. असे मऊ धातूचे आणि लाकडाचे पुष्कळ स्क्रू केले, त्यांतले बरे निवडले, त्यांवरून पोलादी केले, चुका शोधल्या, हाताने दुरुस्त केल्या, पुन्हा कापले. हाताची चूक काढून टाकणारे यंत्र असे हातानेच एकेक चूक वेचून तयार झाले. पुढे त्याच्या कारखान्यात पाच फूट लांबीचा, दोन इंच जाडीचा आणि इंचाला पन्नास आटे असलेला एक स्क्रू झाला. त्याचा नट बारा इंच लांब, म्हणजे त्यात सहाशे आटे. मोजमापासाठी त्याने एक मायक्रोमीटर बनवून आपल्या बाकावर ठेवला होता. इंचाचा दहाहजारावा भाग त्यावर कळे. कारखान्यात दोघांचा वाद झाला की जॉब तिथे न्यायचा आणि निकाल लावायचा. म्हणून त्या यंत्राला सर्वजण ‘लॉर्ड चॅन्सेलर’ म्हणत. आमच्या वर्कशॉपमध्ये मिस्त्रींच्या मायक्रोमीटरला ‘हायकोर्ट’ म्हणत, आणि मॉड्स्लीचे नाव तिथे कोणीही ऐकलेले नव्हते.

कार्ल मार्क्सने १८६७ च्या आपल्या ग्रंथात मॉड्स्लीचा आणि स्लाइड-रेस्टचा मुद्दाम उल्लेख केला आहे. इतर यंत्रे एखाद्या हत्याराची जागा घेतात, हे उपकरण तर खुद्द माणसाच्या हाताची जागा घेते, असा त्याचा आशय आहे. तरुणपणी हे वाक्य वाचून मी अंगावर काटा आणून घेतला होता. आता वाटते, यात अर्धीच हकीकत आली. उरलेली अर्धी पोर्ट्समथला सापडते.

शिडाच्या जहाजांना लाकडी कप्प्या फार लागत. एकेका मोठ्या युद्धनौकेवर हजाराच्या आसपास. इंग्रजांचे नेपोलियनशी युद्ध चालू. आरमाराला वर्षाला लाखभर कप्प्या हव्या. त्या हाताने करणारे कसबी लोक होते. मार्क ब्रुनेलने त्या कामासाठी यंत्रांची एक मालिका योजली, सॅम्युअल बेंथमने ती आरमाराच्या गळी उतरवली, आणि यंत्रे घडवण्याचे काम आले मॉड्स्लीकडे. १८०२ ते १८०८ या सहा वर्षांत सुमारे पंचेचाळीस यंत्रे झाली. मग पूर्वी एकशे दहा कसबी माणसे जेवढे काम करीत तेवढे दहा साधे मजूर करू लागले, आणि वर्षाला एक लाख तीस हजार कप्प्या निघू लागल्या. आकडा प्रसिद्ध आहे, प्रत्येक पुस्तकात आहे. उरलेली शंभर माणसे कुठे गेली ते मात्र या पुस्तकांत मला आढळले नाही.

पण ती पंचेचाळीस यंत्रे कोणी घडवली? मार्गारेट स्ट्रीटवरच्या वर्कशॉपमधल्या टर्नर-फिटरांनी, कानशीने आणि छिन्नीने, नव्या लेथवर. म्हणजे पोर्ट्समथच्या कारागिराच्या हातातले कसब लंडनच्या यंत्रकाराच्या हातात गेले, आणि पहिल्यापेक्षा वाढून गेले. १८१० साली मॉड्स्लीने लॅम्बेथला मोठा कारखाना घातला तो याच पैशावर. कामगाराच्या दृष्टीने मग प्रश्न उरतो तो असा की, कसब ज्या नव्या जागी गेले तिथे त्याला किंवा त्याच्या पोराला शिरता येते की नाही. पोर्ट्समथच्या कप्पीवाल्यांपैकी कोणी मार्गारेट स्ट्रीटला व्हाइसवर उभा राहिला असेल, असे मानायला माझ्याजवळ काही आधार नाही.

जे शिरले ते कोण होते? जोसेफ क्लेमंट हा हातमागावर विणणाऱ्याचा मुलगा; आरंभी छपरे शाकारून पोट भरणारा. रिचर्ड रॉबर्ट्स वेल्सच्या सरहद्दीवरचा, सक्तीची शिपाईगिरी चुकवीत लंडनला आलेला. जोसेफ व्हिटवर्थ स्टॉकपोर्टचा, १८२५ च्या सुमारास आला. यांतल्या कोणाला बसवून धडे दिले गेले नाहीत. शेजारच्या बाकावर चांगले काम चालले होते, हाच धडा. मॉड्स्ली स्वतः बाकाबाकांवरून फिरे, आणि मनात आले तर हातात कानस घेई. अठरा इंची मोठी कानस चालवताना त्याला पाहणे म्हणजे सोहळाच असे, असे त्याच्या एका जुन्या कामगाराने पुढे सांगितल्याचे स्माइल्सने नोंदवले आहे. मालकाने कोट काढून कानस हातात घेतली की कामगाराला दोन गोष्टी एकदम कळतात. एक, काम कसे करायचे. आणि दुसरी, हे काम हलके नाही. दुसरी गोष्ट आजच्या ट्रेनिंगच्या खोल्यांतून शिकवली जात नाही.

जेम्स नॅस्मिथची गोष्ट निराळी. तो एडिंबरोच्या चित्रकाराचा मुलगा, घर सुशिक्षित. मोठ्या घरची मुले फी भरून मॉड्स्लीकडे शिकायला येत. पण ती कामात ढिलाई करीत आणि दुसऱ्यांचा वेळ खात, म्हणून मॉड्स्लीने तसे विद्यार्थी घेणेच बंद केले होते. १८२९ साली नॅस्मिथ आपण बनवलेले छोटे वाफेचे इंजिन आणि नकाशे घेऊन आला. कारखाना पाहून तो इतका हरखला की, राख काढायचे काम दिलेत तरी करीन, म्हणाला. मॉड्स्लीने इंजिन पाहिले आणि त्याला आपल्या खासगी वर्कशॉपमध्ये मदतनीस घेतले. पगार आठवड्याला दहा शिलिंग. बापाकडे पैसे मागायचे नाहीत, असा त्याचा निश्चय; म्हणून त्याने पत्र्याचे एक भांडे करून घेतले, खाली तेलाची वात, आणि सकाळी मांस-बटाटे त्यात घालून जायचे, संध्याकाळी जेवण तयार. १८३१ च्या फेब्रुवारीत मॉड्स्ली वारला. वुलिचच्या चर्चच्या आवारात त्याच्यावर बिडाचे स्मारक उभे राहिले. त्याचा आराखडा त्याने स्वतःच करून ठेवला होता.

मॉड्स्लीच्या वर्कशॉपमधली आणखी एक विद्या सांगितल्यावाचून पुढे जाववत नाही, कारण माझा सारा जन्म त्या ठोकळ्यात अडकलेला आहे. सपाट म्हणजे किती सपाट, हे ठरवायचे कशावरून? पट्टी लावून पाहावे तर पट्टी सरळ आहे हे कशावरून? दोन प्लेटी एकमेकींवर घासून जमवाव्या तर एक फुगीर आणि दुसरी खोलगट असूनही त्या बेमालूम जुळतात. म्हणून प्लेटी तीन घ्यायच्या. एकीवर शेंदूर तेलात कालवून लावायचा, दुसरीवर टेकवायची, जिथे रंग लागेल ती उंच जागा खरवडायची. मग दुसरी तिसरीशी आणि तिसरी पहिलीशी. तिन्ही जेव्हा प्रत्येक जोडीत जुळतात तेव्हाच त्या खऱ्या सपाट. कारण तीन फुगीर प्लेटी आपसांत जुळू शकत नाहीत. बाहेरचे कसलेही प्रमाण न घेता, केवळ तीन कच्च्या वस्तू एकमेकींसमोर आणून अचूकपणा निर्माण करण्याची ही युक्ती आहे. मॉड्स्ली अशा प्लेटी कामगारांच्या बाकांवर ठेवी, म्हणजे ज्याचे काम त्यानेच पडताळावे. खरवडण्याची रीत पक्की करून तिचा प्रसार व्हिटवर्थने १८४० पासून केला, आणि १८४१ साली त्यानेच बोल्टच्या आट्यांचे प्रमाण मांडले. आट्याचा कोन पंचावन्न अंशांचा. आपल्याकडे जुन्या मशिनरीत अजूनही व्हिटवर्थचे आटे निघतात, आणि मेट्रिक स्पॅनर घसरला की फिटर त्याच्या नावाने शिव्या देतो.

मालक-कामगारांचा प्रश्न या शिष्यांच्या हातून कसा पुढे गेला, ते पाहण्यासारखे आहे. क्लेमंटला चार्ल्स बॅबेजचे गणितयंत्र घडवायचे काम मिळाले. पैसा सरकारचा. १८३३ च्या सुमारास दोघांचे बिनसले, आणि क्लेमंटने त्या कामासाठी केलेली सगळी खास हत्यारे स्वतःकडे ठेवून घेतली. धंद्याचा रिवाजच तसा होता: काम मालकाचे, पण त्यासाठी कारागिराने केलेली हत्यारे कारागिराची. सरकारलाही ते मान्य करावे लागले. आज कारखान्याच्या फाटकातून एक ड्रिल-बिट खिशात घालून बाहेर पडू बघा!

रॉबर्ट्सचा प्रकार याच्या उलट. लँकेशायरच्या सूतगिरण्यांत म्यूल चालवणारे कातारी वारंवार संप करीत. गिरणीमालक रॉबर्ट्सच्या दारी गेले, आणि आपोआप चालणारा म्यूल करून दे म्हणाले. आधी नाही नाही म्हणून त्याने तो केला. पहिले पेटंट १८२५ चे, सुधारलेले १८३० चे. संप मोडण्यासाठी यंत्र मागवले गेल्याचा हा उघड दाखला. गिरणीवाल्यांनी पैसा केला. रॉबर्ट्स १८६४ साली गरिबीत वारला.

आणि नॅस्मिथ? ज्याने राख काढायची तयारी दाखवली होती, तो मँचेस्टरजवळ पॅट्रिक्रॉफ्टला मोठा कारखानदार झाला. सात वर्षांचा कायदा १८१४ साली रद्द झाला होता. पण कारागिरांच्या संघटना तो नियम आपल्या बळावर पाळवीत. नॅस्मिथने हुशार मजुरांना थेट यंत्रावर चढवायला सुरुवात केली. संप झाला. त्याने स्कॉटलंडहून माणसे आणून तो मोडला. १८५१ साली इंजिनिअरिंग कामगारांची मोठी एकत्रित संघटना उभी राहिली, आणि तिने जादा वेळेचे काम व उक्ते काम बंद करा अशी मागणी केली. ओल्डहॅमच्या एका बड्या कारखान्यात तर, यंत्रांवरचे बिनउमेदवारीचे मजूर काढा, असा आग्रह होता. १८५२ च्या जानेवारीत मालकांनी लंडन आणि लँकेशायरचे कारखाने बंद केले. तीन महिन्यांनी कामगारांना, आपण संघटनेत नाही असे लिहून देऊन परतावे लागले. पुष्कळांनी सही केली आणि संघटनेतही राहिले. जुलमाने घेतलेला शब्द पाळायचा नसतो, असे त्यांनी ठरवले होते. नॅस्मिथने नंतर सरकारी चौकशीत सांगितले की, आपोआप चालणाऱ्या यंत्रांमुळे त्याने पंधराशे माणसांची साडेसातशे केली.

त्या संपाकडे पाहताना मी दोन मनांचा होतो. नॅस्मिथचे म्हणणे असे की, ज्याला येते त्याला करू द्या. वाक्य गोड आहे, आणि मॉड्स्लीच्या व्हाइसची गोष्ट त्याच्याच बाजूने साक्ष देते. पण ज्याला येते त्याला करू देताना मजुरी किती देणार, हे त्या वाक्यात नाही. तर इकडे संघटनेजवळ मजुरीचे उत्तर होते, पण दाराबाहेरच्या मजुराने शिकायचे कुठे, याचे नव्हते. त्याला काढा, एवढेच होते. तोही कोणाच्या तरी घरचा कर्ता पुरुष होता. व्हिटवर्थने १८६८ साली दरसाल शंभर पौंडांच्या तीस शिष्यवृत्त्या ठेवल्या, आणि गणिताबरोबर कानस, लेथ व ऐरण यांवर हात चालतो की नाही हेही परीक्षेत पाहावे असे ठरवले. तीस मुलांपुरते ते उत्तर चांगले होते.

हा सारा व्यवहार दूर लंडन-मँचेस्टरचा राहिला नाही. १८२९ साली मुंबईच्या गोदीत वाडियांनी बांधलेल्या आणि १८३० च्या मार्चमध्ये सुएझला निघालेल्या ‘ह्यू लिंडसे’ या आगबोटीची इंजिने मॉड्स्लीच्या कारखान्यातली होती. इंजिन आले की त्याच्यामागून फिटर आला, आणि फिटरच्या हाताखाली इथला माणूस उभा राहिला. वाडियांच्याच घराण्यातल्या अर्देशिर करसेटजींनी तरुणपणी माझगावला स्वतः वाफेचे इंजिन घडवले. १८४१ साली ते लंडनच्या रॉयल सोसायटीचे फेलो झाले, आणि त्याच वर्षी मुंबईच्या सरकारी स्टीम फॅक्टरीचे मुख्य इंजिनिअर झाले. हाताखाली गोरे लोक. तेव्हा, एतद्देशीय माणसाला ही जागा पेलेल काय, असा सूर मुंबईच्या इंग्रजी वृत्तपत्रात निघालाच. ब्रामाच्या दारात जो प्रश्न निघाला होता त्याचेच हे दुसरे रूप. इथे वर्षांऐवजी कातडीचा रंग मोजला.

१८५० साली कंपनी सरकारने आपल्याकडे उमेदवारीचा कायदा केला. दहा ते अठरा वर्षांच्या मुलाला धंदा शिकण्यासाठी जास्तीत जास्त सात वर्षे बांधून देता येईल, असे त्यात होते. इंग्लंडात मोडीत निघालेली सात वर्षे अशी बोटीत बसून इकडे आली. त्यानंतरचा मोठा कायदा १९६१ चा. त्याने कारखान्यांना उमेदवार घेणे भाग पाडले, विद्यावेतन लावून दिले. हजारो मुलांना त्यामुळे मशीनचे तोंड दिसले, हे मी कृतज्ञतेने सांगतो. पण त्याच कायद्याचे अठरावे कलम सांगते की उमेदवार हा शिकणारा आहे, कामगार नाही, आणि कामगारविषयक कायदे त्याला लागू नाहीत.

काही वर्षांपूर्वी एका कारखान्यात आम्ही चांगला करार केला. पगारवाढ भरघोस. सहीच्या दिवशी फाटकाबाहेर एक उमेदवार पोरगा माझी वाट पाहत होता. तो म्हणाला, ‘‘दादा, करारात आमचं काय?’’ मी त्याला अठरावे कलम समजावून सांगितले. त्याने शांतपणे ऐकून घेतले आणि विचारले, ‘‘मग काल दुसऱ्या पाळीला माझ्या मशीनवर एकशे ऐंशी जॉब निघाले, ते कुणी काढले?’’ त्याला शिकवणारे कोणी शेजारी उभे नव्हते. मशीन सीएनसी, बटण दाबायचे, जॉब काढायचा, दुसरा लावायचा. ऑफसेट कसा देतात, टूल का झिजतो, हे त्याला सांगण्याइतका वेळ कोणाला नव्हता. त्याच्या मुठींवर कोणी मूठ ठेवली नव्हती.

पुढच्या सर्वसाधारण सभेत मी ठराव मांडला की, उमेदवारांना आपल्या युनियनचे सहयोगी सभासद करून घ्यावे, आणि प्रत्येक उमेदवारामागे एका जुन्या कामगाराने आठवड्यातून ठरावीक तास शिकवण्यासाठी द्यावेत, त्या तासांचे उत्पादन करारात वजा धरावे. माझ्याच बरोबर संपात लाठ्या खाल्लेले एक जुने टर्नर उठले. ते म्हणाले, ‘‘आम्ही वीस-वीस वर्षे झिजलो. यांची वर्षे कुठे भरली?’’ सभेने टाळ्या वाजवल्या. त्यांना मी व्हाइसची गोष्ट सांगितली. ती ऐकून ते हसले, आणि म्हणाले, ‘‘लावा मग सहा वाजायच्या आत परीक्षा.’’ ते थट्टेत म्हणाले की खरोखर, हे मला कळले नाही. ठराव पुढल्या सभेवर गेला. त्यानंतर तो दोनदा पुढे ढकलला गेला आहे.